हिरव्या चेरीची बेकरी

बेकरीच्या सातही दुकानांच्या वाटा एका दमात बंद करण्याचा पराक्रम पिंग्याने सकाळ संपता संपता केला आणि मग तो शांतपणे डबा खायला बसला. डबाही त्याने चवीने खाल्ला. घोडचूक होऊन गेलेली असते आणि करणाऱ्याला तिचा पत्ता नसतो, तेव्हा भूक फार छान लागते.

पिंग्या हा त्या बेकरीचा नेटवर्कवाला. आईवडिलांनी हौसेने ठेवलेलं एक भारदस्त नाव त्याला होतं, पण ते आता ओळखपत्रावर तेवढं उरलं होतं. कुठल्याही दुकानातून कुणीही रडत आलं, की हा पहिला प्रश्न विचारायचा, "पिंग करून बघितलं का?" पिंग म्हणजे एका यंत्राने दुसऱ्याला हाक मारायची, 'आहेस का रे?' पलीकडून ओ आली तर वाट मोकळी, नाही आली तर शोधायला लागा. हा गडी घरात बायको स्वयंपाकघरात आहे की नाही हेसुद्धा दारातून हाक मारून बघायचा आणि ओ आल्याशिवाय चपला काढायचा नाही. त्यामुळे नाव पडलं ते अगदीच काही अन्यायाने पडलं नव्हतं.

बेकरीची मांडणी साधी. गावाच्या एका टोकाला मोठी भट्टी, गावभर सात दुकानं, आणि बाजारातल्या मुख्य दुकानाच्या मागे मालकीणबाईंचं ऑफिस. दुकानांनी उद्याचा माल दुपारी कॉम्प्युटरवर मागवायचा आणि ती मागणी भट्टीवरच्या पडद्यावर उमटायची. प्रत्येक ठिकाणी एकेक राउटर. राउटर म्हणजे टपालखात्यातला वाटणी करणारा माणूसच समजा, आलेलं पाकीट कुठल्या वाटेने पुढे धाडायचं ते तो ठरवतो. सातांच्या वाटा जिथे येऊन मिळायच्या तो थोरला राउटर भट्टीवर.

आणि या सगळ्या बेकरीची एक हुबेहूब नक्कल मुख्य दुकानाच्या कोठीत, मैद्याच्या पोत्यांशेजारच्या एका भंगारातून वाचवलेल्या कॉम्प्युटरमध्ये होती. ती पिंग्याची लाडकी. राउटर हे शेवटी पत्र्याच्या डब्यात बसलेलं सॉफ्टवेअर. ते डब्याशिवायही मिळतं, एका फायलीत. तिला इमेज म्हणतात, आणि शिकणाऱ्यांना सराव करता यावा म्हणून राउटर बनवणारी कंपनीच ती देते. साध्या कॉम्प्युटरवर ती फाइल चालू केली की आपल्याला डबाच नाही हे तिला कळतसुद्धा नाही. ती उठते, डोळे चोळते आणि कामावर हजर होते. विचाराल ते सांगते, सांगाल ते ऐकते, चुकलात तर खऱ्या राउटरइतक्याच उर्मटपणे उत्तर देते. अशा सात-आठ इमेज एकमेकींना खोट्या तारांनी जोडायच्या, की झाली लुटुपुटूची बेकरी. तिच्यात वाटेल ती मोडतोड करा, कुणाचा पाव अडत नाही.

पिंग्याने मात्र हौसेपायी एक गोष्ट जरा जास्तच नीट केली होती. खऱ्या राउटरांची जी नावं तीच खोट्यांना, जे पत्ते तेच पत्ते. जुळ्या पोरांना एकच कपडे घालून मिरवणाऱ्या बापासारखा तो त्या नकलेकडे बघायचा.

त्या सकाळी खऱ्या थोरल्या राउटरची एक खिडकी त्याने काहीतरी पाहून घ्यायला उघडली होती आणि ती मिटायची राहिली. शेजारी लुटुपुटूच्या थोरल्याची खिडकी. दोन्ही काळ्या, दोन्हींवर तेच नाव. आज पाडापाडीचा सराव करायचा, असं ठरवून त्याने भराभरा सगळ्या वाटा बंद करायचे हुकूम सोडले. पडदा गोठला. जुनं मशीन, दमलं असेल बिचारं, असं म्हणून तो उठला. मग डबा.

जेवून, तशीच छान लागलेली लांब झोप काढून, दिवस कलताना तो कोठीत परतला आणि लुटुपुटूच्या बेकरीवर नजर टाकली तर तिथे सगळं जिथल्या तिथे. सातही वाटा उघड्या. ज्याला पाडलं तो ताठ उभा होता. मग पडलं कोण? हा प्रश्न डोक्यात शिरला आणि त्याने शेजारच्या गोठलेल्या खिडकीकडे वळून पाहिलं. ती खऱ्याची होती.

त्यातून गंमत अशी, की ज्या वाटेने तो भट्टीवरच्या राउटरपर्यंत पोचला होता, तीही बंद केलेल्यांतलीच एक. बसल्या फांदीवर कुऱ्हाड घालणाऱ्याची गोष्ट आपण लहानपणी ऐकतो, तेव्हा तो मनुष्य मूर्ख वाटतो. मोठेपणी लक्षात येतं, त्याला बिचाऱ्याला फक्त दोन फांद्या सारख्या दिसल्या असतील. भट्टीवरचा फोन त्याच तारेवर चालायचा, आणि भट्टी सांभाळणारे भट्टीकाका आपला आणि बाकीच्यांचाही मोबाइल उष्णतेने फुटेल या भीतीने बाहेरच्या कपाटात, ॲप्रनमध्ये गुंडाळून ठेवायचे. तेव्हा उरली सायकल. पिंग्याने ती अशी हाणली, की चौकातला वाहतूक पोलीस शिट्टी वाजवायचं विसरून कौतुकाने बघत राहिला.

भट्टीच्या दारात पोचला तर पावाचा वास नाही. व्हॅनिलाचा वास. आत प्रत्येक टेबलावर, फळीवर, खुर्चीवर, एवढंच काय वजनकाट्यावरही वाढदिवसाचे केक. भट्टीकाका मध्ये उभे, हातात उलथणं, चेहऱ्यावर कर्तव्य केल्याचं समाधान.

"अरे," ते म्हणाले, "ही शाळा आहे तरी केवढी?"

झालं होतं असं. वाटा बंद पडण्याआधी पडद्यावर आलेली शेवटची मागणी एका शाळेसाठी होती, वाढदिवसाचे केक, बारा. त्यानंतर काका दर वेळी पुढची मागणी बघायला बटण दाबत आणि पडदा बिचारा जवळ असलेलं एकमेव उत्तर पुन्हा दाखवी. वाढदिवसाचे केक, बारा. दुसऱ्या कुणी शंका घेतली असती. पण काकांनी मागे कधीतरी पडद्यावरचा आकडा न पटल्याने आपल्या अंदाजाने माल काढला होता, आणि तेव्हा मालकीणबाईंनी सगळ्यांदेखत सांगितलं होतं, की पडद्यावर येईल ते भाजायचं, शंका काढायच्या नाहीत. काकांनी तो शब्द मनात जपून ठेवला होता. अशी संधी माणसाला आयुष्यात एकदाच मिळते. त्यांनी पाच वेळा बारा केक भाजले आणि एकदाही शंका काढली नाही.

पिंग्याने थोरल्या राउटरची तार उपटली आणि परत खोचली. सांगितलेलं नीट जतन करून ठेवलं नसेल तर राउटर झोपून उठल्यावर ते विसरून जातो, हा त्या जातीचा मोठा गुण. वाटा उघडल्या. पण वेळ टळून गेली होती. दुसऱ्या दिवशी गावाला पाव कमी पडला आणि केक उरला.

पुढचा दिवस गावाने मजेत काढला. अग्निशमन दलाला केक गेले, तर त्यांनी मेणबत्त्याही आहेत का म्हणून विचारलं. वाचनालयात केक पोचले तेव्हा 'शांतता पाळा' ही पाटी प्रथमच कुणी वाचली नाही. बाजारातल्या दुकानात एका म्हाताऱ्या गिऱ्हाइकाने रोजचा पाव मागितला, हातात केक आला, आणि आज माझा वाढदिवस आहे हे तुम्हाला कसं कळलं, म्हणून ती बाई तिथेच डोळे पुसायला लागली. काउंटरवरच्या मुलीने, आम्हाला सगळं कळतं आजी, असं ठोकून दिलं.

मालकीणबाईंना मात्र यातलं काही गोड लागलं नाही. त्यांनी पिंग्याला बोलावलं, आवाज चढवला नाही, आणि थोरल्या राउटरचा पासवर्ड बदलायचा ठरवलं. आता पासवर्ड बदलायचा कसा हे बाईंना येत नव्हतं, ते पिंग्यानेच शिकवलं. मग प्रत्यक्ष बदलताना त्याला भिंतीकडे तोंड करून उभं केलं. आपल्याच राउटरच्या खोलीत, शाळेत उभं करतात तसा, तो भिंतीवरचा पोपडा बघत राहिला आणि मागे बाई एका बोटाने टकटक करत होत्या. त्या आवाजावरून पासवर्ड पुरेसा लांब आहे हे कळून त्याला, तशाही अवस्थेत, जरा बरं वाटलं.

निकाल पुढे होता. नदीपलीकडे आठवं दुकान निघायचं होतं. ते जोडायला बाई बाहेरची माणसं बोलावणार होत्या. एकदा बाहेरची माणसं आली, की सगळ्याच राउटरांच्या किल्ल्या त्यांच्याकडे, आणि पिंग्याने यापुढे प्रिंटरमध्ये अडकलेले कागद काढायचे. ही सात दुकानं त्याने एकेक करून, शिडीवर चढून, कोळिष्टकं खात जोडली होती. आता आठवं दुसरा कुणीतरी जोडणार होता.

"आणि ती तुझी खेळातली बेकरी," बाई म्हणाल्या, "ती घरी ने. माझ्या कोठीत नको."

घरी वेगळंच प्रकरण वाढून ठेवलं होतं. केकांवर क्रीमच्या वेलबुट्ट्या काढणारे भट्टीवरचे हात पिंग्याच्या बायकोचे होते. साठही केकांवर, एकही कळी न गाळता.

"अहो राउटरवाले," ती म्हणाली, "आज जेवण तुमचं तुम्ही वाढून घ्या. माझ्या मनगटाची वाट बंद आहे."

चांगली असली की ती त्याला अरे-तुरे करायची. 'अहो' आलं की समजायचं, पाणी डोक्यावरून गेलं. पिंग्याने मुकाट्याने वाढून घेतलं, तिलाही वाढलं, भांडी घासली, आणि कोपऱ्यात आणून ठेवलेल्या कॉम्प्युटरकडे पाठ करून बसला. आता याला भंगारात द्यायचं, असं तो दोनदा म्हणाला. दोनदा म्हणाला याचा अर्थ द्यायचा नाहीये, हे तिने ओळखलं. हात शेकता शेकता तिने विचारलं, की नक्की चुकलं काय ते दाखव.

त्याने कॉम्प्युटर चालू केला आणि त्या दिवशीसारख्या दोन खिडक्या शेजारी शेजारी मांडून दाखवल्या. खरी तर आता त्याला उघडता येत नव्हती, म्हणून दोन्ही खोट्याच, पण त्यातली एक खरी समज, असं तो म्हणाला. ती जवळ आली. केकाची उंची नजरेने मोजणारी बाई, तिने दोन्हींकडे आलटून पालटून पाहिलं.

"यातली खरी समजायची कुठली?"

"ही. नाही, थांब. ही."

"तुझ्या डोळ्यांनाच कळत नाही, तर बोटांना काय कळणार?" ती म्हणाली. 'अहो' गेलं होतं, हे पिंग्याच्या आधी लक्षात आलं आणि मग वाक्याचा अर्थ.

मग तिने दुकानाच्या काचेतल्या केकांची गोष्ट काढली. काचेत शोभेला ठेवतात ते उंच उंच केक आतून थर्मोकोलचे असतात, वरून तेवढं खरं क्रीम. पूर्वी एकदा गर्दीत त्यातला एक विकला गेला. लग्नाच्या वाढदिवसाला नवरा-बायकोने मिळून सुरी धरली, ती आत जाईना, दोघांनी जोर लावला आणि केक टेबलावरून उडून व्याह्यांच्या मांडीवर गेला. तेव्हापासून बेकरीत नियम झाला. खऱ्या केकावर लाल चेरी, काचेतल्या केकावर हिरवी. गिऱ्हाइकाला त्यातलं काही कळत नाही, पण दुकानातली कुणीही मुलगी हिरवी चेरी दिसली की हात मागे घेते.

"खोटं हुबेहूब करायला हरकत नाही," ती म्हणाली. "फक्त त्याच्यावर हिरवी चेरी लाव."

एवढी साधी गोष्ट. पिंग्या लहान मुलासारखा उठला आणि कामाला लागला. लुटुपुटूच्या बेकरीतली प्रत्येक खिडकी त्याने हिरवीगार केली, कैरीच्या फोडीसारखी. प्रत्येक राउटरच्या नावाआधी 'खोटा' लावलं. खोटा-बाजार, खोटा-पूल, खोटा-भट्टी. वाचून बायकोला हसू आवरेना. आपल्या बेकरीवर कुणी फसवणुकीची तक्रार केलीय असं वाटतं, ती म्हणाली. आणि मग, आता आठवं दुकानही कर की त्यात.

तिथे घोडं अडलं. प्रत्येक इमेज चालवायला कॉम्प्युटरची मेमरी लागते आणि भंगारातल्या त्या जिवाची भूक असली तरी पोट लहान होतं. सात दुकानं आणि भट्टी, असे आठ राउटर तो कसेबसे पेलायचा. नववा सुरू केला की पंखा किंचाळायचा आणि सगळंच्या सगळं झोपायचं. मेमरीची अजून एक पट्टी हवी होती. या जुन्या जातीची पट्टी कुठल्याच दुकानात मिळेना. ती मिळण्याची एकच जागा पिंग्याला माहीत होती, आणि ती जागा म्हणजे जिना उतरून खालच्या मजल्यावर राहणाऱ्या सासऱ्यांचा कॉम्प्युटर.

सासरे जन्मभर बस चालवून निवृत्त झालेले. आता रोज सकाळ-संध्याकाळ कॉम्प्युटरशी बुद्धिबळ खेळायचे आणि रोज हरायचे. हरले तरी उठताना ते पडद्याला मान लववून निरोप द्यायचे, खेळाडू माणूस. पिंग्याने त्यांना सांगितलं, बाबा, तुमच्या मशीनमध्ये धूळ फार झालीय, साफ करून देतो. धूळ होतीच, हे त्यातलं खरं. ती झटकता झटकता कंगव्याएवढ्या दोन पट्ट्यांतली एक त्याने शर्टाच्या खिशात टाकली. चार दिवसांत परत बसवू. बायकोला वर येऊन सांगितलं तेव्हा ती म्हणाली, माझ्या बापाला लुटलंस, पण आवाजात राग नव्हता.

चार दिवसांनी सासरे जिन्यात भेटले.

"जावईबापू, तुम्ही काय जादू केलीत हो? पूर्वी मी चाल केली, की फाडकन उत्तर यायचं. आता बराच वेळ विचार करतो. माझी धास्ती घेतलीय त्याने."

पिंग्याने मान डोलावली आणि दोन दोन पायऱ्या चढत वर पळाला.

आठव्या दुकानाचा राउटर उठला होता. नदीपलीकडचं दुकान, खोटा-नदी. पिंग्याने योजना अशी केली होती, की नव्या दुकानाची सरळ वाट तुटली तर त्याची मागणी पुलाजवळच्या दुकानामार्गे भट्टीवर जावी, आणि पुलाजवळच्याची तुटली तर त्याची नव्या दुकानामार्गे. शेजारधर्म. हे सगळं बाईंना कोण सांगणार? ते काम भट्टीकाकांनी अंगावर घेतलं. साठ केकांचं प्रकरण त्यांच्या आयुष्यातलं सोनेरी पान होतं आणि त्याचं श्रेय पिंग्याला आहे, हे ते विसरले नव्हते. घरी कसली बेकरी चालवतोस म्हणे, म्हणून त्यांनी विचारलं. पिंग्याने समजावलं. काकांनी कपाळाला आठ्या घालून ऐकलं आणि मग त्या आठ्या एकदम सुटल्या.

"म्हणजे चाचणीचा पाव," ते म्हणाले.

काकांची एक रीत होती. भट्टी तापली, की सगळा घाणा लावण्याआधी ते एकच छोटा पाव आत टाकायचे. तो काढायचा, सगळ्यांसमोर मोडायचा, भोवती असतील त्यांना तुकडा तुकडा द्यायचा, स्वतः चावायचा, आणि मग आच कमी-जास्त करायची. त्या पावाशिवाय त्यांनी कधी भट्टी लावली नव्हती. त्यांनी बाईंना जाऊन सांगितलं, बाहेरची माणसं बोलवायची तर खुशाल बोलवा, पण त्याआधी याचा चाचणीचा पाव तरी मोडून बघा. बाई रविवारी येते म्हणाल्या.

रविवारी पिंग्याच्या दीड खोलीत बाई घरातल्या एकुलत्या खुर्चीवर, काका पलंगाच्या कडेवर, बायको दाराशी. सासऱ्यांना कुणी बोलावलं नव्हतं, म्हणून ते स्वतःचं स्टूल घेऊन आले होते. पडद्यावर नऊ हिरव्या खिडक्या, आठ दुकानांच्या आणि एक भट्टीची. पिंग्याने घसा साफ केला. हिरव्याचा अर्थ काय ते त्याने आधी सांगितलं, तेव्हा बाईंनी वळून त्याच्या बायकोकडे पाहिलं आणि, चेरी का, एवढंच म्हणाल्या.

"एका डब्यात आठ दुकानं," सासरे कौतुकाने म्हणाले. "जागा कशी पुरते हो, जावईबापू?"

"जमवलं थोडं इकडून तिकडून," पिंग्या म्हणाला. दाराशी बायकोला ठसका लागला.

मग त्याने नव्या दुकानाची वाट तोडून दाखवली, आणि तिथून भट्टीला पिंग केलं. पुलामार्गे जाऊन ओ आली. बाईंनी मान हलवली. इथे थांबला असता तर काम झालं असतं. पण बाईंना आता खेळाची गोडी लागली होती. त्यांनी विचारलं, पूर आला आणि दोन्ही वाटा एकदम तुटल्या तर?

पिंग्याने पुलाजवळच्या दुकानाची सरळ वाटही तोडली. आता खरं म्हणजे हाकेने साधंसरळ, वाट नाही, असं सांगून परत यायला हवं होतं. तसं झालं नाही. नव्या दुकानाने हाक पुलाकडे दिली. पुलाने ती नव्या दुकानाकडे परत दिली. नव्याने पुन्हा पुलाकडे. तो म्हणे याला विचारा, हा म्हणे त्याला विचारा. हाक दोघांच्यामध्ये गरागरा फिरत राहिली आणि पडद्यावर त्याच दोन नावांच्या ओळी खाली खाली सरकू लागल्या. जुन्या कॉम्प्युटरचा पंखा वाढला. पिंग्याचा चेहरा उतरला. दोघांनाही त्याने शेजाऱ्यावर भरवसा ठेवायला शिकवलं होतं, पण शेजाऱ्याचीच वाट बुडालीय की काय, हे आधी बघायला शिकवायचं राहिलं होतं. आणि हे उघड्यावर आलं ते बाईंच्या डोळ्यांदेखत.

पिंग्या मनातल्या मनात प्रिंटरमधले कागद काढू लागला.

पहिले हसले ते काका. "हे तर सरकारी कचेरीसारखं झालं की," ते म्हणाले. सासऱ्यांनी मांडीवर थाप मारली. आणि मग पिंग्याने वर पाहिलं तर बाईही हसत होत्या, ओठ मिटून, खांदे हलवत.

"काका, तुमचा चाचणीचा पाव कधी चांगला निघतो का हो?"

"कधीच नाही," काका अभिमानाने म्हणाले. "एक तर करपतो, नाही तर आत कच्चा. चांगला निघाला तर मला रात्री झोप येत नाही."

"मग झालं तर." बाई पिंग्याकडे वळल्या. "हे खऱ्या दुकानात झालं असतं तर?"

पुराच्या दिवशी नदीपलीकडच्या आणि पुलाजवळच्या मागण्या त्या दोन दुकानांमध्येच फिरत बसल्या असत्या, पिंग्याने कबूल केलं, आणि पूर ओसरेपर्यंत कुणाला कारण कळलं नसतं.

"इथे कुणाचं काय गेलं?"

"कुणाचंच काही नाही, बाई."

"मग नीट कर. मी बसते."

बाई बसल्या. पिंग्याच्या बायकोने सगळ्यांना चहा दिला. पिंग्याने दोन्ही राउटरांना शहाणपणाच्या चार ओळी शिकवल्या, चुकवल्या, परत शिकवल्या. मग दोन्ही वाटा तोडून हाक मारली. या वेळी पुलाने सरळ सांगितलं, वाट नाही. पुलाची वाट जोडली, हाक मारली. ओ आली. काका पलंगावरून उठून पडद्यापाशी गेले आणि ओ कुठे आली ते बोट लावून विचारू लागले.

जाताना बाई दारात थांबल्या. पर्स उघडली, बंद केली, आणि मग पिंग्याला जवळ बोलावून पासवर्ड कानात सांगितला. तो अर्ध्यावरच हसायला लागला. 'वाढदिवसाचे केक' आणि पुढे साठाचा आकडा.

"बदल तो आता," बाई म्हणाल्या. "सोपा आहे फार."

आठव्या दुकानाच्या जोडणीला सकाळचा दहाचा सुमार निवडला, तेव्हा मागण्या येत नाहीत. पिंग्या भट्टीवर, थोरल्या राउटरसमोर, आणि शेजारी घरून दिवसापुरता उचलून आणलेला लुटुपुटूच्या बेकरीचा कॉम्प्युटर. काकांनी त्याच्यासाठी म्हणून वेगळा एक चाचणीचा पाव भाजला होता, तो करपला होता, त्यामुळे सगळे निर्धास्त होते. पिंग्याने प्रत्येक ओळ आधी हिरव्या खिडकीत चालवली, मोठ्याने वाचली, आणि मगच काळ्या खिडकीत लिहिली. काळ्याकडे जाताना दर वेळी त्याचा हात क्षणभर थबकायचा. शेजारच्या टेबलावर क्रीमची पिशवी दाबत बसलेली बायको वर न बघता म्हणायची, "लाल." म्हणजे खरी आहे, जपून. शेवटची ओळ लिहून त्याने नदीपलीकडे हाक मारली.

ओ आली. पहिल्याच हाकेला.

नव्या दुकानातल्या मुलीला कुणीतरी फोनवर सांगितलं, की एखादी मागणी टाकून बघ. पडद्यावर ती उमटली आणि काका पुढे झाले. त्यांनी वाचलं, चष्मा पुसला, परत वाचलं. वाढदिवसाचा केक, एक.

"एकच ना?" त्यांनी पिंग्याला विचारलं. "नक्की? मला शंका काढायच्या नाहीत, पण तरी विचारतो."

भट्टीवर जे हसू फुटलं, त्यात पिंग्याच्या बायकोच्या हातातल्या पिशवीने समोरच्या केकावर भलीमोठी रेघ ओढली. तिने ती पुसली नाही. तिचा वेल केला आणि टोकाला लाल चेरी लावली.

त्या संध्याकाळी पिंग्या स्क्रूड्रायव्हर आणि मेमरीची पट्टी खिशात घालून जिना उतरला. काम झालं होतं, खोट्या नदीपलीकडच्या दुकानाला आता काही दिवस झोपवलं तरी चालणार होतं. बाबांचं बाबांना परत करायचं आणि सगळं सांगून टाकायचं, असं त्याने बायकोला कबूल केलं होतं.

खालच्या मजल्याचं दार सताड उघडं होतं. सासरे उंबऱ्यात उभे राहून समोरच्या शिंप्याला, त्याच्या बायकोला आणि पाण्याचं मीटर बघायला आलेल्या माणसाला काहीतरी सांगत होते. आवाज बस सुटताना लागायचा तसा लागला होता. जावई दिसताच त्यांनी त्याचा दंड पकडून आत ओढलं आणि पडद्यासमोर उभं केलं. कॉम्प्युटरचा राजा कोपऱ्यात, चहूबाजूंनी कोंडलेला.

"मात केली," सासरे म्हणाले. "आयुष्यात पहिल्यांदा. वजिराच्या चालीला किती वेळ विचार करत होता माहितीय? मी चहा करून, पिऊन, कप विसळून आलो. घाम फुटला होता त्याला, जावईबापू."

पडद्याला मान लववायला आज ते विसरले होते. पिंग्याचा हात खिशात गेला, पट्टीच्या दातेरी कडेला लागला आणि तिथेच राहिला. मीटरवाल्याने, पुन्हा एकदा दाखवा बरं शेवटची चाल, असं म्हटलं आणि सासरे खुर्चीत बसले.

पिंग्या वर आला. दारातून हाक मारली, आतून ओ आली, मग चपला काढल्या.

"दिलीस परत?" बायकोने विचारलं.

"उद्या देतो," तो म्हणाला आणि पट्टी पुसून, जपून, लुटुपुटूच्या बेकरीत पुन्हा बसवली. "आज नको. आज ते जिंकलेत."